भांडणासाठी राखून ठेवलेली मिळकत

लिहून ठेवणार : निवृत्त प्राध्यापक, वय वर्षे अठ्ठ्याहत्तर, व्यवसाय पूर्वी इतिहास शिकवणे व हल्ली जिना चढणे, राहणार तिसरा मजला, उजवीकडचे दार.

मी माझ्या पश्चात करावयाची व्यवस्था आज लिहून ठेवतो, ती येणेप्रमाणे.

माझे डोके ठिकाणावर आहे. तसा दाखला तळमजल्यावरच्या दातांच्या डॉक्टरांनी दिलेला असून तो सोबत जोडला आहे. डोक्याचा दाखला दातांच्या डॉक्टरांनी द्यावा का, अशी शंका वकीलबाईंनी काढली. पण जिने चढून यायला दुसरा कोणी डॉक्टर तयार होईना. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. दडपण आणण्याइतका रस माझ्या मिळकतीत कोणी दाखवला असता तर मी सुखावलोच असतो. पुढच्या महिन्यात माझ्या हृदयाची एक झडप बदलायची आहे. "अगदी साधं ऑपरेशन आहे, काका," असे सर्जन एकदा म्हणाले तेव्हा माझा विश्वास बसला होता. त्यांनी ते पुन्हा पुन्हा म्हटल्यावर मी वकीलबाईंना फोन केला.

वकीलबाई माझ्या जुन्या विद्यार्थिनी. माझे तास ऐकून त्यांनी इतिहास सोडला व त्या कायद्याकडे वळल्या. मी सांगतो, त्या टाइप करतात व मधूनमधून हरकत घेतात. त्यांच्या हरकतीही मजकुरात याव्यात अशी माझी अट आहे, कारण ज्या दस्तऐवजात कोणाचीच हरकत नाही तो मी आयुष्यात कधी खरा मानला नाही.

माझा जन्म गेला जुन्या युरोपातली दानपत्रे वाचण्यात. रोमचे साम्राज्य मोडल्यानंतरची पाचसहाशे वर्षे. राजा नावाला, सरदार जागोजागी, आणि ज्यांच्याकडे लिहिता येणारी माणसे होती ते मठ. अशा जगात सत्ता कोणाकडे असे आणि माणसे एकमेकांना धरून कशी राहत, यावर मी चार पुस्तके लिहिली. ती चारही वाचलेली सगळी माणसे एका लिफ्टमध्ये सहज मावतील.

त्या काळी एखादा जमीनदार मरायला टेकला की पुण्य लागावे म्हणून मठाला शेत देऊन टाकी. मग त्याचा मुलगा म्हणे, शेत माझे. साधू म्हणत, आमचे. वर्षानुवर्षे हमरीतुमरी चाले. मग तडजोड होई, सगळे एका पंक्तीला जेवत, मुलगा तेच शेत मठाला नव्याने देई, आणि नातू मोठा झाला की पुन्हा पहिल्यापासून. आधीचे विद्वान म्हणत, हा नुसता अंदाधुंद कारभार. मी म्हणत आलो की कारभार तो हाच. जिथे पोलीस नाहीत आणि कोर्टाचा निकाल कोणी जुमानत नाही, तिथे भांडणानेच माणसे एकमेकांच्या दारात येत राहत. ज्या घराण्यांनी सगळे समजुतीने वाटून घेतले ती पुढच्या कागदांत दिसेनाशी होतात. भांडकुदळ घराणी शतकानुशतके सापडतात. ही माहिती मी मृत्युपत्रात का घुसडतो आहे असे वकीलबाई विचारतात. कारण लगेच खाली येते.

मला एक मुलगी व एक मुलगा. मुलगी थोरली, भूल देणारी डॉक्टर. माणसांना झोपवण्याचा धंदा तिने माझ्याकडूनच उचलला, फक्त तिची माणसे नंतर आभार मानतात. मुलगा लिफ्टच्या कंपनीत इंजिनियर आहे आणि बापाच्या घरी येताना दर खेपेला जिन्यावर धापा टाकतो. दोघेही गुणी आहेत. दोघांचे एकमेकांशी अजिबात भांडण नाही, आणि माझे दुखणे तेच आहे. त्यांची आई गेल्यापासून ही भावंडे एकमेकांशी बँकेत रांगेत उभी असल्यासारखी वागतात. "कशी आहेस?" "बरी. तू?" "बरा." झाले. मला भेटायला येण्याचे रविवार त्यांनी आपापसांत असे वाटून घेतले आहेत की दोघांची जिन्यातसुद्धा गाठ पडू नये. रुसवा असता तर काढता आला असता. इथे काढायला काही सापडतच नाही.

मी गेलो की या दोघांना एकमेकांचे तोंड पाहायला काही निमित्त उरणार नाही. मला मरणाची भीती वाटत नाही, याची वाटते. सबब मी माझ्या मिळकतीची व्यवस्था पुढीलप्रमाणे, जाणूनबुजून व पुरेशा संदिग्धतेने, करीत आहे.

कलम १. राहते घर. हे माझ्या स्वकष्टाचे आहे. त्यातील स्वयंपाकघर मुलीला व स्वयंपाकघराचे दार मुलाला. अभ्यासिका मुलाला व अभ्यासिकेच्या खिडक्या मुलीला. बाल्कनी सकाळी एकाची व संध्याकाळी दुसऱ्याची राहील. कोणाची कोणती ते मी मुद्दाम लिहीत नाही.

वकीलबाईंची हरकत : "सर, असं लिहिलंत तर दोघं थेट कोर्टात जातील."

"किती वर्षं चालेल?"

"पंधरा तर कुठे गेली नाहीत."

"छान. पुढचं कलम घ्या."

कलम २. बँकेतली शिल्लक दोघांत निम्मीनिम्मी. पैशावरून होणारे भांडण रुक्ष असते, त्यात कोणी कोणाच्या घरी जात नाही, वकील जातात.

कलम ३. ग्रंथसंग्रह. तो कोणालाच नको आहे, हे मी जाणतो. विद्यापीठाच्या ग्रंथालयाला विचारले तर ग्रंथपाल म्हणाले, "सर, पुस्तकांऐवजी एखादा एसी देता का?" माझ्या तोंडावर त्यांनी हे विचारले, आणि खरे सांगायचे तर त्यांच्या वाचनखोलीत बसून मलाही हाच प्रश्न पडला. असो. दानपत्रांचे बारा खंड आहेत. विषम खंड मुलीला, सम खंड मुलाला. संपूर्ण मालिकेची सूची बाराव्या खंडात आहे. तेव्हा मुलीला तिच्या खंडांत काहीही शोधायचे झाल्यास तिने भावाला फोन करावा. बाकीची पुस्तके कपाटांत आहेत त्याच क्रमाने एकाआड एक वाटावीत. "आडनावाप्रमाणे किंवा विषयाप्रमाणे वाटू या ना," असे वकीलबाई म्हणतात. तसे केले तर दोघे सुखाने राहतील, म्हणून नको.

कलम ४. माझ्या स्वतःच्या पुस्तकांच्या न खपलेल्या प्रती. पहिल्या तीन पुस्तकांचे गठ्ठे माळ्यावर आहेत. चौथ्याचे गठ्ठे पलंगाच्या तुटलेल्या पायाच्या जागी आहेत व ते काढल्यास पलंग कोसळेल. माझ्या संशोधनाने प्रत्यक्ष कोणाला आधार दिल्याचे हे एकमेव उदाहरण असल्याने ते हलवू नयेत. या चारही पुस्तकांचे प्रत्येक प्रकरण आधी माझ्या बायकोने ऐकले. ती शाळेत रसायनशास्त्र शिकवी. रात्रीची जेवणे झाली की मी टेबलापाशी बसून मोठ्याने वाचत असे, ती माझ्यामागे दाराशी बसून मुलांचे पेपर तपाशी, आणि मधेच म्हणे, "थांबा. हे उगाच आहे." मी चिडत असे. मग ते वाक्य काढत असे. ती गेल्यावर लिहायला घेतलेले पाचवे पुस्तक पुरे झालेले नाही, आणि ते फार लांबले आहे, कारण आता थांबा म्हणणारे कोणी नाही.

कलम ५. माझे आजन्म विरोधक प्राध्यापक यांजकरिता. आमच्या क्षेत्रात त्यांना मी भूकंप म्हणतो व ते मला गोगलगाय म्हणतात. त्यांचे मत असे, की हजार सालाच्या आसपास सरदारांनी गढ्या बांधल्या, शेतकऱ्यांच्या मानगुटीवर बसले आणि एका पिढीत सगळा समाज उलथापालथा झाला. माझे मत असे, की कोणी कोणाच्या मानगुटीवर एका दिवसात बसत नाही. आधी नुसता हात ठेवतो. या मुद्द्यावर आम्ही तीन परिषदांत एकमेकांच्या अंगावर धावून गेलो, पैकी एकीत चहाच्या टेबलासकट. माझ्या पुस्तकाच्या परीक्षणात त्यांनी मला "कष्टाळू" म्हटले होते. ते मी विसरलेलो नाही. माझ्या टिपणांचे लाकडी खण मी त्यांना देतो. अट एकच, टिपणे सावकाश वाचावीत. माझ्या शोकसभेत त्यांनी दोन मिनिटे बोलावे. समाज उलथून टाकायला त्यांना तेवढा वेळ पुरतो. हेही नमूद करतो की माझे प्रत्येक पुस्तक त्यांनी शेवटच्या तळटीपेपर्यंत वाचले. चूक काढायला वाचले, पण वाचले, आणि इतके मन लावून मला कोणा मित्राने वाचलेले नाही. त्यांना माझा नमस्कार सांगावा.

कलम ६. ताबा देण्याची रीत. नुसती किल्ली हातात देऊन ताबा दिल्याचे मानू नये. त्या काळी जमीन देताना सगळ्यांसमोर तिच्यातले ढेकूळ किंवा झाडाची फांदी हातात देत, म्हणजे पाहणाऱ्याच्या लक्षात राही. माझ्या बाल्कनीत एक कुंडी आहे. तिच्यातली चिमूटभर माती मुलाने मुलीच्या व मुलीने मुलाच्या हातावर, समोरासमोर उभे राहून, ठेवावी.

वकीलबाईंची हरकत : "सर, ढेकळाची कायद्यात तरतूद नाही."

"स्टॅम्प पेपरची त्या काळच्या कायद्यात नव्हती. चालवून घेतलं ना?"

कलम ७. शाप. जुन्या दानपत्रांच्या अखेरीस शाप असे. दान मोडणाऱ्याला धरणीने गिळावे, त्याला नरकाच्या तळाशी जागा मिळावी, असे साधू लोक मोठ्या चवीने लिहीत. दोन्ही बाजू माझीच मुले असल्याने मी सौम्य शाप देतो. या मृत्युपत्रावरून जो कोणी भांडणार नाही आणि "जाऊ दे, तूच घे" असे म्हणेल, त्याच्या प्रत्येक मोज्याला अंगठ्यापाशी भोक पडो, आणि त्याच्या फोनची बॅटरी ऐन बोलण्यात संपो.

कलम ८. उरलेसुरले. वर न आलेले किरकोळ सामान, म्हणजे दोन बंद घड्याळे, टेबलफॅन, तारा निघालेली छत्री, दाराशी पडलेले बुटके मोडके स्टूल, खोकी, दोऱ्या इत्यादी भंगारवाल्याला द्यावे.

कलम ९. वारसांची संमती. त्या काळी दाता आपल्या मुलांना व भावांना समोर उभे करून त्यांची संमती दस्तात लिहून घेई, नाहीतर तो डोळे मिटताच ते कानावर हात ठेवत. त्याप्रमाणे मी दोन्ही मुलांना आज दुपारी, एकाच वेळी, हजर राहण्यास सांगितले आहे. दोघांनाही दुसरे कोणी येणार आहे हे सांगितलेले नाही. त्यांनी वरील मजकूर ऐकून संमती किंवा हरकत स्वतःच्या अक्षरात लिहावी.

पुरवणी. पुढील मजकूर मी स्वहस्ते लिहीत आहे, कारण वकीलबाई टाइप करण्याच्या अवस्थेत नाहीत. त्या हसत आहेत, आणि मधून डोळेही पुसत आहेत.

दुपारी मुलगी आली, पाठोपाठ मुलगा धापा टाकत आला. "अरे, तू पण?" "हो ना, तू पण?" दोघांनीही पेरू आणले होते. "कशाला आणलेस, मी आणले होते ना." "असू दे गं, राहतील." मुलगी टेबलाच्या एका टोकाला बसली, मुलगा दुसऱ्या. वकीलबाईंनी मृत्युपत्र वाचायला सुरुवात केली आणि मी दोघांच्या तोंडाकडे पाहत बसलो.

कलम १ झाले. मुलगा म्हणाला, "ताई, दारही तूच घे ना. नुसतं दार घेऊन मी काय करू?"

"नको रे, त्यापेक्षा स्वयंपाकघरच तू घे. तुला कामाला येईल."

"तुला सोयीचं असेल तसं."

"तुला सोयीचं असेल तसं."

माझ्या छातीत कळ आली, आणि ती झडपेची नव्हती. कलम ३ आले. विषम खंड, सम खंड, सूची. हे कलम रचायला मला दोन दिवस लागले होते. मुलगी म्हणाली, "किती छान कल्पना आहे बाबा," आणि तिने भावाला विचारले की सगळे खंड तोच ठेवून घेईल का. तो म्हणाला, जागा नाही, पण तिला अडचण होत असेल तर घेईन. शाप वाचला तेव्हा दोघे गालातल्या गालात हसले, आणि मुलाने बहिणीला हळूच आपला मोजा दाखवला. त्याला आधीच भोक होते. साक्षीला आलेले दातांचे डॉक्टर माझ्या कानाशी लागले, "नशीबवान आहात हो तुम्ही. किती समजूतदार मुलं!" त्यांचा स्वतःचा एखादा दात मी त्या क्षणी आनंदाने उपटला असता.

मी हरलो होतो. चार पुस्तकांत जे सिद्ध केले ते माझ्याच टेबलावर चालेना. वकीलबाईंनी कलम ८ नुसते उरकायचे म्हणून भरभर वाचले : घड्याळे, टेबलफॅन, छत्री, स्टूल, खोकी.

"थांबा," मुलगी म्हणाली. "स्टूल? दाराशी आहे ते?"

"भंगारात?" मुलगा उठून उभा राहिला. "बाबा, ते माझं आहे."

"तुझं कसं?"

"आईने मला दिलंय, ताई."

"काहीतरीच बोलू नकोस. आईने मला दिलंय. दवाखान्यात जायच्या आधी, स्वयंपाकघरात. म्हणाली, हे तुझं. फक्त त्याला सांगू नकोस, त्याला वाईट वाटेल."

मुलगा पुन्हा खाली बसला. मग म्हणाला, "मला पण हेच म्हणाली. शब्दन् शब्द. ताईला सांगू नकोस, तिला वाईट वाटेल."

वकीलबाईंनी हातातला कागद खाली ठेवला. डॉक्टर छताकडे पाहू लागले. मला वाटले, आता पुन्हा "तूच घे" सुरू होणार. पण माझी भूल देणारी, कधी आवाज न चढवणारी मुलगी टेबलावर हात आपटून ओरडली, "थापा मारू नकोस! लहानपणापासून तुझं हेच. माझ्या हातात काही दिसलं की ते तुझं!"

"माझं? त्याचा पाय कोणी मोडला? तू. नाचत होतीस वर उभी राहून. आणि खिळा कोणी ठोकला?"

"वाकडा ठोकलास! आईचा पदर अडकायचा त्यात!"

"मग इतकी वर्षं नेलं का नाहीस?"

"तू का नाही नेलंस?"

दोघे एकदम थांबले. मुलीने माझ्याकडे बोट केले. "बाबा बसतात इथे. आई त्याच्यावर बसून यांचं ऐकायची. ते तिथून हललं असतं तर यांना कसं वाटलं असतं?"

"म्हणूनच मी नाही नेलं," मुलगा म्हणाला.

आणि मी ते भंगारात लिहिले होते. वाचताना माझी पाठ दाराकडे असे. मला तिचा आवाज पाठ आहे, तिचे थांबा पाठ आहे. ती कशावर बसते ते मी एकदाही मागे वळून पाहिले नाही. हे मी कबूल केले तेव्हा मुलगी माझ्यावर ओरडली, "तुम्ही म्हणजे कमाल आहात, बाबा!" मुलगा म्हणाला, "बाबांवर ओरडू नकोस," आणि तिने त्याला विचारले की मी कोणावर ओरडायचे हे तू कोण ठरवणार. तेव्हापासून ते सुरू आहे. आता दोघे स्वयंपाकघरात आहेत. स्टूल मधे आहे, दोघांनी एकेक पाय धरला आहे, आणि विषय आता पंचवीस वर्षांपूर्वी बुडवलेल्या एका सायकलपर्यंत आला आहे.

एकच वस्तू दोघांनाही पुरती द्यायची, दोघांचेही तोंड बंद करायचे आणि निघून जायचे. हे त्या काळातल्या एकाही साधूला सुचलेले मी वाचलेले नाही. ती माझी प्रकरणे नुसती ऐकत नव्हती. मला तिची फार आठवण येते.

सबब कलम ८ मधून स्टूल वगळले आहे. ते मुलीला संपूर्ण व मुलाला संपूर्ण. वकीलबाईंची हरकत : "सर, हे कुठल्याही कायद्यात बसणार नाही." हरकत नोंदवली. मी ते देत नाही, त्यांच्या आईने आधीच दिलेले आहे; मी फक्त लिहून ठेवतो. बाकीची कलमे आहेत तशी राहू द्यावीत, उपयोगी पडतील.

ठिकाण : अभ्यासिका. आवाजामुळे दार लावून घेतले आहे.
तारीख : इमारतीच्या विद्यमान सचिवांच्या कारकिर्दीचे नववे वर्ष, टाकी दुसऱ्यांदा गळाली तो आठवडा, शनिवार. (वकीलबाईंनी बाजूला रीतसर तारीख घातली आहे.)

लिहून ठेवणार : (सही)

साक्षीदार : दातांचे डॉक्टर. "त्यांनी माझ्यासमोर सही केली. समजूतदार मुलांबद्दलचे माझे मत मी मागे घेतो." (सही)
साक्षीदार : वकीलबाई. "माझ्या सर्व हरकती कायम." (सही)

वारसांची संमती, त्यांच्याच अक्षरात :

मुलगी : संमती नाही. स्टुलाबाबत तर मुळीच नाही. (सही)

मुलगा : ताईच्या हरकतीला माझी हरकत आहे. (सही)

मुलगी : हे मिटल्याशिवाय मी घरी जाणार नाही. आज इथेच राहते. (सही)

मुलगा : मग मी पण. (सही)